जकातीचा हिशेब आणि एकवीस हजारांचा दाखला

यंदा रमजान आणि मार्चअखेर हातात हात घालून आले. त्यामुळे आमच्या घरी सहरीनंतरच्या शांत वेळेत एकाच टेबलावर दोन हिशेब मांडले गेले. एक प्राप्तिकराचा, दुसरा जकातीचा. पहिल्यासाठी पगाराच्या चिठ्ठ्या काढल्या, दुसऱ्यासाठी बायकोच्या दागिन्यांची पावती आणि बँकेचं पासबुक. मुलगी विचारत होती, "अब्बा, दोन्हीत फरक काय? दोन्हीकडे द्यायचंच तर आहे."

प्रश्न लहान होता, पण तो आठवडाभर डोक्यातून गेला नाही. तसं होण्याचं कारण होतं रोज संध्याकाळी आमच्या गल्लीत सांबार, पुदिना आणि लिंबं घेऊन येणारी मावशी. तिच्याकडे येतोच. आधी जकातीबद्दल दोन शब्द, कारण शेजारच्या हिंदू, बौद्ध, जैन मित्रांना जकात हा शब्द ठाऊक असतो, तिचं गणित मात्र बहुधा ठाऊक नसतं.

अडीच टक्क्यांचं गणित

ज्याच्याकडे साडेसात तोळे सोनं किंवा साडेबावन्न तोळे चांदी, किंवा तेवढ्या किमतीची शिल्लक वर्षभर राहिली, त्याला त्या शिल्लकीच्या अडीच टक्के जकात काढावी लागते. चांदीच्या भावाने पाहिलं तर २०२५ च्या सुरुवातीला ही मर्यादा साधारण साठ हजारांच्या घरात जात होती. म्हणजे तेव्हा ज्याच्याकडे साठ हजार शिल्लक होते, त्याने दीड हजार रुपये काढायचे. ही मेहेरबानी नाही. कुरआनने श्रीमंताच्या मालात मागणाऱ्याचा आणि वंचिताचा हक्क सांगितला आहे. जकात देणारा उपकार करत नाही, दुसऱ्याची त्याच्याकडे राहिलेली वस्तू परत करतो, असं आम्हाला लहानपणापासून शिकवलं गेलं.

ही जकात कुणाला द्यायची, याचे आठ प्रकारही ठरलेले आहेत. त्यात फकीर आहे, मिस्कीन आहे, घरापासून दूर अडकलेला प्रवासी आहे, गुलामगिरीतून सुटू पाहणारा आहे. जकात गोळा करून वाटणारा कर्मचारीसुद्धा आहे. म्हणजे सुरुवातीला ही एक व्यवस्था होती, कचेरी होती. आणि या यादीत आणखी एक नाव आहे, ज्यावर यवतमाळच्या माणसाची नजर थांबल्याशिवाय राहत नाही. ते म्हणजे कर्जात बुडालेला माणूस.

सांबारवाली मावशी

मावशी घाटंजी तालुक्यातल्या एका खेड्यातली. नवरा शेतकरी होता. जमीन कोरडवाहू, पराटी आणि तूर. पाच वर्षांपूर्वी त्याने शेतातच औषध घेतलं. या जिल्ह्यात हे वाक्य पुढे वाढवून सांगावं लागत नाही.

आत्महत्या केलेल्या शेतकऱ्याच्या वारसाला सरकार एक लाख रुपये देतं. त्यातले तीस हजार हातात आणि सत्तर हजार बँकेत ठेव म्हणून. २००६ च्या शासन निर्णयापासून हीच रक्कम चालत आली आहे. पण त्यासाठी प्रकरण 'पात्र' ठरावं लागतं. कुटुंबाच्या नावावर शेती हवी, कर्ज बँकेचं, सोसायटीचं किंवा परवानाधारक सावकाराचं हवं, आणि ते फेडता न आल्याचं दिसायला हवं. मावशीच्या नवऱ्यावर कर्ज होतं, पण ते गावातल्या बिनपरवान्याच्या सावकाराचं, चिठ्ठीवरचं. प्रकरण 'अपात्र' झालं. मेला तो कर्जापायीच, पण त्याचं कर्ज कागदावर कर्ज ठरलं नाही.

मग ती दोन मुलांना घेऊन शहरात आली. सकाळी घरकाम आणि संध्याकाळी भाजीची टोपली. रमजानात तिची टोपली थोडी लवकर रिकामी होते, कारण इफ्तारच्या आधी पुदिना आणि लिंबू सगळ्यांना लागतो. मी दरवर्षी ईदच्या आधी तिच्या हातात काही पैसे ठेवतो. यंदा ठेवायला गेलो, तर तिने हात मागे घेतला.

"सर, मले पैशे नोका देऊ. हा कागद पाहून द्या."

कागद निराधार योजनेच्या अर्जाचा होता. त्यावर त्रुटी लिहून तो परत आला होता. उत्पन्नाच्या दाखल्यावर वार्षिक छत्तीस हजार लिहिलं होतं. मर्यादा आहे एकवीस हजार.

रोजचे सत्तावन्न रुपये

संजय गांधी निराधार अनुदान योजना महाराष्ट्रात १९८० साली सुरू झाली, बॅरिस्टर अ. र. अंतुले मुख्यमंत्री असताना. विधवा, परित्यक्ता, अनाथ मुलं, दिव्यांग, मोठ्या आजाराने खिळलेले, असे पासष्ट वर्षांखालचे निराधार तिच्यात येतात. पासष्टच्या पुढे श्रावणबाळ योजना आहे. २०२३ मध्ये हे अनुदान महिन्याला दीड हजार रुपये झालं. साठ हजारांवरची जकात दीड हजार आणि निराधाराचं महिन्याचं अनुदानही दीड हजार, हा योगायोग मला त्या संध्याकाळी पहिल्यांदा दिसला.

आता एकवीस हजारांचा हिशेब करून पाहा. वर्षाचे दिवस तीनशे पासष्ट. भागाकार केला की दिवसाला सत्तावन्न रुपये येतात, आणि हे संपूर्ण कुटुंबाचं उत्पन्न. धुणीभांडी करणाऱ्या, कापूस वेचायला जाणाऱ्या बाईने चार घास कमावले की ती या रेषेच्या वर जाते. खरं सांगितलं तर अर्ज नामंजूर, आणि मंजूर व्हायचा तर खोटं लिहायला हवं. मावशीने पटवाऱ्याला खरं सांगितलं होतं, ही तिची चूक.

२०२४ च्या जुलैत राज्याने लाडकी बहीण योजना आणली. तिथेही रक्कम दीड हजारच, पण उत्पन्नाची मर्यादा अडीच लाख. मावशीला तो हप्ता का मिळत नाही, हे विचारलं तर तिने वेगळीच अडचण सांगितली. खातं गावच्या बँकेत, आधारवर नाव माहेरचं, मोबाइल नंबर मेलेल्या नवऱ्याचा. एकाच राज्यात एक बाई एका कागदावर अडीच लाखांच्या आत गरजू आहे आणि दुसऱ्या कागदावर छत्तीस हजारांत सधन आहे. आणि दोन्हीकडून तिच्या हाती काही नाही.

जगाने हे कसं सोडवलं

गरिबाला मदत करावी, हे प्रत्येक धर्माने सांगितलं आहे. पण मदत आणि हक्क यांत जो फरक आहे, तो ओळखायला जगाला बराच काळ लागला.

इस्लामी परंपरेत खलिफा उमर यांची एक गोष्ट सांगितली जाते. आठव्या शतकातले न्यायाधीश अबू युसुफ यांच्या ग्रंथात ती आली आहे. उमर यांना वाटेत एक म्हातारा, दृष्टी गेलेला यहुदी भीक मागताना दिसला. त्यांनी विचारलं तेव्हा कळलं की म्हातारपण, गरज आणि डोक्यावरचा कर यामुळे त्याच्यावर ही वेळ आली. उमर यांनी त्याला घरी नेऊन काही दिलं आणि मग बैतुलमाल, म्हणजे सरकारी खजिना सांभाळणाऱ्याला कळवलं की या माणसाचा आणि त्याच्यासारख्यांचा विचार करा; तरुणपणी ज्याच्याकडून कर घेतला, त्याला म्हातारपणी वाऱ्यावर सोडणं हा न्याय नव्हे. या गोष्टीतला मला महत्त्वाचा वाटणारा भाग घरून दिलेल्या पैशांचा नाही, खजिन्याला दिलेल्या आदेशाचा आहे. घरचं देणं त्या दिवसापुरतं होतं. आदेश त्याच्यासारख्या सगळ्यांसाठी होता.

युरोपात ही पायरी एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी ओलांडली गेली. तोवर इंग्लंडमध्ये गरिबाला मदत हवी असेल तर त्याला 'वर्कहाऊस'मध्ये जावं लागे. तिथे नवरा-बायकोला वेगळं ठेवत आणि राहणं मुद्दाम इतकं कठीण ठेवत, की कुणी सहजी मदत मागायला येऊ नये. जर्मनीत बिस्मार्कने वेगळा रस्ता काढला. १८८३ मध्ये आजारपणाचा विमा, १८८४ मध्ये अपघाताचा आणि १८८९ मध्ये म्हातारपणाचं पेन्शन. त्याच्या मनात गरिबांची कणव किती आणि वाढत्या समाजवाद्यांची भीती किती, हा वाद आहे. पण कामगार आणि मालक दोघांनी वर्गणी भरायची आणि वेळ आली की हक्काने घ्यायचं, ही रीत तिथून जगभर गेली.

डेन्मार्कने १८९१ मध्ये आणि न्यूझीलंडने १८९८ मध्ये वर्गणी न घेता, सरकारी तिजोरीतून गरीब वृद्धांना पेन्शन दिलं. ब्रिटनने १ जानेवारी १९०९ पासून सत्तरीच्या पुढच्या गरिबांना आठवड्याला पाच शिलिंग द्यायला सुरुवात केली, आणि तेही पोस्टातून. वर्कहाऊसच्या दारात उभं राहायचं नाही, पोस्टाच्या खिडकीवर जायचं. तेवढ्याने माणसाची मान ताठ राहिली. १९४२ मध्ये विल्यम बेव्हरिज यांचा अहवाल आला आणि जन्मापासून मरणापर्यंत सुरक्षेची कल्पना उभी राहिली. हे बेव्हरिज जन्मले होते अखंड बंगालमधल्या रंगपूरला.

अमेरिकेने १९३५ मध्ये सामाजिक सुरक्षेचा कायदा केला, पण शेतमजूर आणि घरकामगार त्यातून वगळले. ज्यांना सर्वांत जास्त गरज, तेच बाहेर. त्यांना आत यायला १९५० चं दशक उजाडावं लागलं. मावशी ही एकाच वेळी शेतमजूरही होती आणि घरकामगारही आहे, हे इथे आठवतं.

आपल्याकडची वाट

आपल्याकडेही सुरुवात कारखान्यांपासून झाली. १९२३ चा कामगार नुकसानभरपाई कायदा इंग्रजांच्या काळातला. १९२८ मध्ये मुंबईच्या कायदेमंडळात बाळंतपणाच्या रजेच्या विधेयकाला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी पाठिंबा दिला आणि पुढच्याच वर्षी मुंबई प्रांतात तो कायदा झाला. व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात ते मजूर खातं सांभाळत असताना प्रा. बी. पी. आडारकर यांनी कामगारांच्या आरोग्य विम्याचा अहवाल दिला, १९४४ मध्ये. त्यावर आधारलेला ईएसआयचा कायदा १९४८ चा, आणि भविष्य निर्वाह निधीचा १९५२ चा. पण हे सगळं ज्याचं नाव हजेरीपटावर आहे त्याच्यासाठी. १९६९ चा माथाडी कायदा हा महाराष्ट्राने त्यापुढे टाकलेला पाय. ठरलेला मालक नसलेल्या हमालासाठी माल उतरवून घेणाऱ्याकडून मजुरीवर 'लेव्ही' घ्यायची आणि त्यातून त्याचा फंड उभा करायचा.

शेतात राबणाऱ्यापर्यंत पोहोचलेली मोठी योजना मात्र रोजगार हमी. विधान परिषदेचे सभापती वि. स. पागे यांची ही कल्पना. १९६५ मध्ये सांगली जिल्ह्यातल्या तासगावला तिचा पहिला प्रयोग झाला. १९७२ चा दुष्काळ पडला आणि ती राज्यभर आली. त्या वेळी मुख्यमंत्री होते आपल्या पुसद तालुक्यातल्या गहुलीचे वसंतराव नाईक. १९७३ च्या मे महिन्यात राज्यात दुष्काळी कामांवर सुमारे पन्नास लाख माणसं होती. सुकडी आणि मिलो हे शब्द जुन्या लोकांच्या तोंडात अजून आहेत. १९७७ मध्ये हमीचा कायदा झाला आणि २६ जानेवारी १९७९ पासून लागू झाला. काम मागितलं तर सरकारने द्यायचं, नाही दिलं तर बेकारभत्ता द्यायचा. मजुराच्या हाती कायदा आला. २००५ मध्ये देशाने तोच धागा उचलला, आणि २ फेब्रुवारी २००६ पासून ज्या दोनशे जिल्ह्यांत राष्ट्रीय योजना आधी आली, त्यांत यवतमाळ होता.

या योजनेला पैसा कुठून आला? इथे माझ्या टेबलावरची पगाराची चिठ्ठी उपयोगी पडते. तिच्यात दर महिन्याला दोनशे रुपये 'व्यवसाय कर' कापलेले दिसतात आणि फेब्रुवारीत तीनशे. वर्षाला अडीच हजार. हा कर १९७५ मध्ये आला तो रोजगार हमीसाठी. शहरातल्या पगारदाराने आणि व्यापाऱ्याने खेड्यातल्या मजुरासाठी द्यायचा वाटा, आणि त्यात राज्याने तेवढीच भर घालायची, असा तो करार होता. गेली वीस-बावीस वर्षं ही कपात मी पाहतो आहे, दर वर्षी थोडी कुरकुरही करतो. ती कुणाच्या रोजीसाठी सुरू झाली, हे मात्र कुणी सांगितलं नव्हतं. मुलीच्या प्रश्नाचं अर्धं उत्तर मला तिथे सापडलं. फरक फार नाही, बेटा. हीसुद्धा एक प्रकारची जकातच आहे.

माझी जकात कुठवर जाते

उरलेलं अर्धं उत्तर अवघड आहे आणि ते प्रामाणिकपणे सांगायला हवं. बहुसंख्य उलेमांच्या मते फर्ज जकात गरजू मुस्लिमांसाठी आहे. सदका, खैरात मात्र कुणालाही देता येते. म्हणून मी मावशीला देतो तो सदका. त्यात काही कमीपणा नाही. पण सदका माझ्या मनावर आहे. यंदा दिला, पुढच्या वर्षी माझी बदली झाली तर? ती आजारी पडून महिनाभर आलीच नाही तर? रमजान अकरा महिन्यांनी पुन्हा येतो, घरभाडं दर महिन्याला द्यावं लागतं.

जकातीचंही तेच होतं. जो दारात येतो त्याला मिळते. ज्याला मागायची लाज वाटते तो राहून जातो. रसीद बुकं घेऊन येणारे पुष्कळ, पण आपल्याच मोहल्ल्यात विधवा किती, कर्जदार किती, याची यादी फारशी कुठे नसते. ज्या परंपरेने जकातीसाठी कर्मचारी नेमले, तिचे आपण वारस, आणि आपला हिशेब मात्र खिशातल्या नोटांवर चालतो.

म्हणून धर्माचं देणं कितीही मोठं असलं तरी कायद्याची गरज संपत नाही. कायदा नाव विचारतो, जात-धर्म विचारत नाही. घाटंजीची मावशी आणि आमच्या गल्लीतली शिवणकाम करणारी विधवा खाला, दोघींना तो एकाच खिडकीवर, एकाच तारखेला, एकच रक्कम देऊ शकतो. हे काम मशिदीकडून, मंदिराकडून किंवा विहाराकडून होणारं नाही. त्यांच्याकडे करुणा आहे. सर्वांसाठीचा हक्क देणं सरकारलाच शक्य आहे.

आणि तो हक्क देताना कंजूषपणा कसा करू नये, हे शेजाऱ्यांकडून शिकता येतं. १९९५ च्या १५ ऑगस्टला आपल्या केंद्र सरकारने राष्ट्रीय सामाजिक साहाय्य कार्यक्रम सुरू केला, तेव्हा वृद्धांना महिन्याला पंचाहत्तर रुपये दिले जात. २००६ मध्ये त्याचे दोनशे झाले, आणि ऐंशीच्या आतल्या वृद्धांसाठी केंद्राचा वाटा अजून दोनशेच आहे. आपल्याला जे दीड हजार दिसतात ते राज्याच्या भरीमुळे. त्याच १९९५ साली नेपाळनेही वृद्ध भत्ता सुरू केला. सुरुवातीला शंभर रुपये आणि पंचाहत्तरीच्या पुढच्यांना. पण त्यांनी उत्पन्नाचा दाखला मागितला नाही. वय झालं की भत्ता. पुढे वय खाली आलं, रक्कम वाढत गेली. आपल्याहून गरीब देशाने ओळखलं की गरीब शोधण्यात जेवढे गरीब सुटून जातात, तेवढे श्रीमंत घुसत नाहीत. ब्राझीलने १९८८ च्या राज्यघटनेत शेतमजूर आणि छोट्या शेतकऱ्याला किमान वेतनाएवढ्या पेन्शनचा हक्क दिला. स्त्रियांना पंचावन्नाव्या वर्षी, पुरुषांना साठाव्या. सलग वर्गणीची अट नाही. इतकी वर्षं शेतात राबलो, हे दाखवणं पुरेसं.

आपल्या जिल्ह्यात असं कुणी म्हणालं, तर केवढ्या बायका रांगेत उभ्या राहतील! आणि त्यांतल्या एकीलाही खोटं बोलावं लागणार नाही.

ईदच्या आधी

मावशीचा कागद घेऊन मी आणि माझी बायको एका सकाळी तिच्यासोबत सेतू केंद्रात गेलो. रोजा होता, ऊनही यवतमाळचं होतं. रांगेत बहुतेक बायकाच होत्या. कुणाच्या हातात नवऱ्याच्या मृत्यूचा दाखला, कुणाकडे मुलाच्या दिव्यांगत्वाचा, एक आजी हयातीचा दाखला द्यायला आलेली. आपण जिवंत आहोत हे दर वर्षी लिहून द्यावं लागतं, यावर ती स्वतःच हसत होती. आधारवरचं नाव आणि नंबर बदलायला टाकला. उत्पन्नाच्या दाखल्यासाठी पुन्हा अर्ज केला. कोणत्या महिन्यांत घरकाम मिळतं, कोणत्या महिन्यांत नाही, हे यावेळी नीट लिहून दिलं. तरी आकडा एकवीस हजारांच्या खाली येईलच असं नाही. खोटं आम्ही लिहिलेलं नाही.

बाहेर आल्यावर मावशी म्हणाली, "सर, तुमचा रोजा हाय, तुमी कायले उन्हात हिंडता? मले ठिकाण समजलं, आता मी जाईन."

त्यापुढे बोलायला मला सुचलं नाही. वाचकांना मात्र एक विनंती आहे. आपल्यापैकी जे जकात, फितरा काढतात त्यांनी तो जरूर काढावा. जे दान करतात त्यांनी दान करावं. पण सोबत एवढं करावं, की आपल्या ओळखीच्या एका बाईचा एक कागद पूर्ण होईपर्यंत तिच्यासोबत जावं. आणि ग्रामसभेत, आमदारांसमोर, पेपरात, जिथे बोलता येईल तिथे एकवीस हजारांची ही रेषा बदला म्हणून सांगावं. रेषा वर गेली तर हजारो घरांत दर महिन्याला काही तरी येईल, आणि त्यासाठी कुणाला ईदची वाट पाहावी लागणार नाही.

मावशीचा अर्ज अजून तालुक्याच्या समितीपुढे आहे. काल ती आली तेव्हा टोपलीत सांबार होता, लिंबं संपली होती. मी काहीच विचारलं नाही. तिनेच सांगितलं, "तारीख भेटली हाय, ईदच्या नंतरची."